शनिवार तेली आणि त्यांची पोथी

अलिबागच्या उत्तरेला, अगदी समुद्राला लागून, नवगाव नावाचे गाव आहे. नारळीच्या वाड्या, पुढे वाळू आणि वाळूच्या पुढे दर्या. या गावात एक फार जुनी दफनभूमी आहे. इथे पुरलेली माणसे कोण, असे विचारले तर एक हकीकत ऐकायला मिळते.

फार फार वर्षांपूर्वी परदेशातून आलेले एक गलबत या किनाऱ्याजवळ फुटले. गलबतात यहुदी लोक होते. बहुतेक सारे बुडाले. सात पुरुष आणि सात बायका तेवढ्या जिवंत काठाला लागल्या. लाटांबरोबर वाहून आलेली आपल्या माणसांची प्रेते त्यांनी नवगावला पुरली. जवळचे होते नव्हते ते सामान, आणि धर्माच्या पोथ्या, सगळे समुद्राने गिळले. अंगावरच्या ओल्या कपड्यानिशी ही चौदा माणसे परक्या मुलखात उभी राहिली.

ही गोष्ट किती शतकांपूर्वीची, ते कुणी लिहून ठेवले नाही. बापाने मुलाला सांगितली, मुलाने नातवाला सांगितली, अशी ती आजवर आली.

कोकणातल्या गावांनी या लोकांना थारा दिला. त्यांनी तेलाचे घाणे घातले. तीळ, खोबरे गाळून तेल विकू लागले. मराठी बोलू लागले, त्यांच्या बायका लुगडी नेसू लागल्या. ज्या गावी राहिले त्या गावाचे नाव त्यांना चिकटले. दिव्याचे ते दिवेकर, पेणचे ते पेणकर, किहीमचे ते केहीमकर, नवगावचे ते नवगावकर. नावावरून ओळखू म्हटले तर ओळखता यायचे नाही. एका गोष्टीत मात्र ते वेगळे होते. शनिवारी त्यांचा घाणा बंद. कितीही गिऱ्हाईक येवो, शनिवारी बैल जुंपायचा नाही आणि चूल पेटवायची नाही. म्हणून लोक त्यांना म्हणू लागले ‘शनिवार तेली’. ते स्वतःला म्हणत ‘बेने इस्राएल’, म्हणजे इस्राएलची लेकरे.

आता तुम्ही म्हणाल, गलबत बुडाले, माणसे वाचली, पोटापाण्याला लागली. मग चार पोथ्या बुडाल्याचे एवढे दुःख कशाला? ते कळायला यहुदी लोकांची रीत थोडी समजून घ्यावी लागेल. म्हणून कोकण थोडा वेळ बाजूला ठेवू आणि त्यांच्या मूळ देशात जाऊन येऊ.

यहुदी लोकांच्या मुख्य धर्मग्रंथाला तोरा म्हणतात. मोशे नावाच्या त्यांच्या महापुरुषाची ही पाच पुस्तके. भाषा हिब्रू. ही भाषा उजवीकडून डावीकडे लिहितात आणि तिची मुळाक्षरे आहेत २२. देवळात वाचायची तोरा छापलेली चालत नाही. जनावराच्या कमावलेल्या कातड्यावर शाईने हाताने लिहून तिची मोठी गुंडाळी करतात. एक अक्षर चुकले किंवा पुसले गेले तरी ते दुरुस्त होईपर्यंत ती गुंडाळी वाचायला घेत नाहीत. दर शनिवारी थोडा थोडा भाग वाचून वर्षात सगळी तोरा पुरी करतात.

आणि इथे खरी गंमत आहे. एकट्या पुरोहिताने वाचावे आणि बाकीच्यांनी माना डोलवाव्यात, असे त्यांच्यात नाही. मुलगा १३ वर्षांचा झाला की त्याला चार लोकांसमोर उभे करून पोथी वाचायला बोलावतात. श्रीमंताचा मुलगा असो की मोलमजुरी करणाऱ्याचा, वाचता आलेच पाहिजे. म्हणजे धर्म पाळायचा तर शिकायला हवे.

पूर्वी शिकवण्याचे काम बापाचे असे. मग एक अडचण ध्यानात आली. ज्याला बाप नाही त्या पोराने काय करावे? म्हणून आधी यरुशलेम शहरात शिक्षक नेमले. पण तिथेही बाप असलेलीच मुले पोचत. पोरक्याला तिथवर कोण नेणार? मग प्रांताप्रांतात शिक्षक नेमले आणि १६-१७ वर्षांची मुले घेतली. झाले काय, की मास्तर रागावला की एवढी दांडगी मुले उलट बोलून चालू लागत! शेवटी यहोशुआ बेन गमला नावाच्या मुख्य याजकाने इ. स. ६४ च्या सुमारास ठरवले की गावोगाव शिक्षक असावा आणि सहा-सात वर्षांचे मूल झाले की त्याला शाळेत बसवावे. हा सारा इतिहास तलमूद नावाच्या त्यांच्या मोठ्या ग्रंथात दिला आहे. आम्ही उभा जन्म मास्तरकी केली. १७ वर्षांच्या अंगापिंडाने भरलेल्या पोराला नव्याने पहिलीत बसवणे काय असते, हे आम्हाला कुणी समजावून सांगायला नको.

त्याच ग्रंथात पुढे हिशेब दिला आहे. २५ मुलांना एक शिक्षक. मुले ४० झाली तर जोडीला एक मदतनीस. ५० झाली तर दोन शिक्षक. मारायची वेळ आलीच तर चपलेच्या बंदाने मारावे, याहून जड काही हातात घेऊ नये. मुलगा वाचू लागला तर उत्तम. नाही वाचू लागला, तर त्याला हाकलू नये. दुसऱ्याच्या सोबतीला बसू द्यावे. आमच्या वर्गात साठ-साठ मुले कोंबलेली असत आणि हातात वेताची छडी असे. दीड हजार वर्षांपूर्वीचा हा नियम वाचला की मान खाली जाते.

याच काळात त्यांच्यावर मोठे संकट आले. इ. स. ७० साली रोमन फौजेने यरुशलेमचे त्यांचे एकुलते एक मोठे मंदिर पाडले. ते परत कधी उभे राहिले नाही. लोक देशोदेशी पांगले. मंदिर पाठीवर घेऊन फिरता येत नाही, पोथी घेता येते. तेव्हापासून अध्ययन हीच त्यांच्यात मोठी पूजा झाली.

मोठ्या वयात शिकणाऱ्यांसाठी त्यांच्यात एक प्रसिद्ध गोष्ट आहे. अकिवा नावाचा एक गुराखी होता. वय ४० आणि अक्षराची ओळख नाही. एकदा तो विहिरीपाशी उभा होता. तिथल्या दगडाला खळगा पडलेला पाहून त्याने विचारले, हा कुणी खोदला? लोक म्हणाले, अरे, रोज थेंब थेंब पाणी पडते, त्याने झिजला. अकिवा विचारात पडला. पाण्याने दगड झिजतो, मग माझे डोके काय दगडाहून कठीण आहे? तो उठला, आपल्या लहान मुलाला बरोबर घेतले आणि दोघे एकाच पंतोजीपुढे जाऊन बसले. पाटी एक. तिचे एक टोक बापाने धरले, दुसरे लेकाने. बाप-लेकांनी मुळाक्षरे बरोबरच गिरवली. पुढे हा अकिवा त्यांच्यातला सर्वांत मोठा पंडित झाला.

चला, आता परत नवगावला येऊ. पोथी बुडाली म्हणजे काय बुडाले, ते आता ध्यानात आले असेल.

वाचलेल्या माणसांना जे तोंडपाठ होते तेवढेच उरले. एक लहानशी हिब्रू प्रार्थना, ‘शमा’, म्हणजे देव एक आहे अशी कबुली, तेवढी जिभेवर राहिली. लग्न असो, सुंता असो की मौत असो, प्रत्येक वेळी तीच म्हणायची, कारण दुसरी येतच नव्हती. बाकीचा धर्म उरला तो हातात आणि स्वयंपाकघरात. मुलाची आठव्या दिवशी सुंता. शनिवारचा विसावा. पंख आणि खवले असलेलाच मासा खायचा. कोळंबी, खेकडे, शिंपल्या वर्ज्य. का वर्ज्य? ते सांगणारी पोथी नव्हती. आजी खात नव्हती म्हणून नात खात नव्हती.

सणांची मूळ नावे ते विसरले, पण सण विसरले नाहीत. नावे मराठी झाली. वर्षारंभाच्या सणाला नव्याचा सण म्हणू लागले. मोठ्या उपासाच्या दिवशी घरात दारे लावून बसायचे, म्हणून तो दारफाळणीचा सण. यरुशलेमचे मंदिर पडल्याच्या दुखवट्याचा उपास बिरडे खाऊन सोडायचा, म्हणून तो बिरड्याचा सण. वल्हांडणाच्या सणात आंबवलेले काही खायचे नाही असा मूळ नियम आहे. कोकणात काय उरले? तर आंबट रसाचे मडके त्या दिवसांत झाकून ठेवायचे! म्हणून त्याचे नाव अनाशी ढाकाचा सण. मडके का झाकायचे हे कुणाला ठाऊक नव्हते, तरी पिढ्यान्‌पिढ्या बायका ते झाकत आल्या. आम्हाला या बायकांचे फार कौतुक वाटते. पुरुषांच्या हातची पोथी बुडाली, पण बायकांच्या हातचे मडके फुटले नाही.

पण पाठांतराला मर्यादा असते. जेवढे हातातोंडात होते तेवढे टिकले, बाकीचे गेले. पोथी असती तर एक पिढी चुकली तरी पुढची पिढी उघडून पाहू शकली असती.

मग एक दिवस दूरचा एक यहुदी या मुलखात आला. त्याचे नाव दावीद रहाबी. तो नक्की कधी आला यावर विद्वानांत वाद आहेत. तो केरळातल्या कोचीच्या यहुदी घराण्यातला होता आणि १८ व्या शतकात आला, असे बरेच जण मानतात. शनिवार पाळणारे हे तेली आहेत तरी कोण, हे त्याला पाहायचे होते. त्याने घरातल्या बायकांपुढे मासे ठेवले, खवल्यांचे आणि बिनखवल्यांचे मिसळून, आणि म्हणाला, रांधा. बायकांनी बिनखवल्यांचे मासे उचलून बाजूला काढले. हे आम्ही खात नाही, म्हणाल्या. रहाबीची खात्री पटली, असे सांगतात.

त्याने तीन माणसे निवडली, त्यांना हिब्रू आणि धर्मविधी शिकवले. झिराडकर, राजपूरकर आणि शापूरकर अशी ही तीन घराणी. त्यांना काझी म्हणत. हे काझी गावोगाव फिरून लग्ने लावीत, सुंता करीत, भांडणतंटे मिटवीत. सगळ्या कोकणपट्टीला मिळून तीन घराणी! तरी सुरुवात झाली.

पुढे हे लोक मुंबईला जाऊ लागले. काही सुतारकीत, बांधकामात शिरले, पुष्कळ जण कंपनी सरकारच्या पलटणीत भरती झाले. त्यांच्यातला एक अंमलदार समाजी हसाजी दिवेकर. टिपूशी झालेल्या लढाईत तो कैद झाला. सुटलो तर देवाचे मंदिर बांधीन असा नवस त्याने केला होता म्हणतात. सुटून आल्यावर १७९६ साली त्याने मुंबईत मांडवी भागात बेने इस्राएलांचे पहिले प्रार्थनामंदिर बांधले. मंदिर झाले, पण आत ठेवायला तोरा नव्हती. ती आणायला तो कोचीला गेला आणि १७९७ साली तिकडेच वारला. पुढे कोचीहून शिक्षक आले, प्रार्थना म्हणायला शिकवू लागले. लोक हिब्रू म्हणू लागले, पण अर्थ कळत नव्हता. अर्थाशिवाय घोकंपट्टी काय कामाची, हे नव्याने वाचायला शिकलेल्या माणसाला सांगायला नको.

अर्थ मराठीतून आला. आणि तो कुणाच्या हातून आला, ही मोठी नवलाची गोष्ट आहे.

मुंबईत १८१३ साली अमेरिकन मिशनरी आले. त्यांनी मराठी शाळा काढल्या, बायबल मराठीत छापले. १८२९ साली स्कॉटलंडचे जॉन विल्सन आले. मुंबईचे विल्सन कॉलेज ज्यांच्या नावाचे आहे, तेच हे. विल्सन साहेबांनी १८३२ साली हिब्रू भाषेचे व्याकरण मराठीत लिहिले. बेने इस्राएलांची मुले या शाळांत भराभर दाखल झाली. बायबलचा जुना करार म्हणजे यहुद्यांचाच धर्मग्रंथ. बुडालेल्या पोथीतल्या गोष्टी, अब्राहामाची, योसेफाची, मोशेची, ही मुले आपल्या मायबोलीत प्रथमच वाचत होती.

मिशनऱ्यांचा हेतू उघड होता. हे लोक ख्रिस्ती व्हावेत, अशी त्यांची इच्छा होती. पण ख्रिस्ती झाले ते अगदी थोडे. बाकीच्यांनी अक्षर घेतले, व्याकरण घेतले, आणि ते घेऊन आपल्याच पोथीकडे परत गेले. कुणी याला चतुराई म्हणेल. आम्हाला यात काही वावगे दिसत नाही. आणि बेने इस्राएलही विल्सन साहेबांचे उपकार विसरले नाहीत.

मग त्यांनी स्वतः लिहायला सुरुवात केली. वल्हांडणाच्या रात्री घरी बसून वाचायचे पुस्तक, हगादा, १८४६ साली मुंबईत हिब्रू आणि मराठीत छापले गेले. त्या रात्री घरातले सर्वांत लहान मूल विचारते, ‘आजची रात्र इतर रात्रींहून वेगळी का?’ आणि मोठ्यांनी त्याला मिसर देशातल्या गुलामीतून सुटल्याची हकीकत सांगायची, असा विधी आहे. कोकणातल्या पोरांना प्रश्नही कळू लागला आणि उत्तरही. १८७४ साली पुण्यात चित्रांचा हगादा निघाला. त्यात बेखमीर भाकरी करणाऱ्या बायका चक्क लुगडी नेसून बसलेल्या आहेत! आता मडके का झाकायचे, हे त्या बायकांच्या मुलांना पुस्तकात वाचता आले.

योसेफ यहेज्केल राजपूरकर यांचे नाव इथे घेतले पाहिजे. जन्म १८३४. हे मुंबईतल्या ससून यांच्या शाळेचे जवळजवळ चाळीस वर्षे हेडमास्तर होते. शाळेचे काम सांभाळून त्यांनी हिब्रू प्रार्थनांची विसाच्या आसपास पुस्तके मराठीत केली. मुंबई विद्यापीठात हिब्रूचे परीक्षकही झाले. दिवसभर पोरांच्या गोंगाटात घसा कोरडा करून रात्री दिव्यापाशी भाषांतर करत बसणे, हे काम काय असते ते मास्तरालाच ठाऊक.

पण सगळ्यांनाच काही वाचता येत नव्हते. खेड्यापाड्यांतल्या लोकांचे काय? त्यांच्यासाठी कीर्तन आले. १८८० च्या सुमारास काही बेने इस्राएल तरुणांनी आपले हरिदास पाहिले, आणि तीच तऱ्हा उचलली. तीच झांज, तेच पूर्वरंग-उत्तररंग, ओव्या, साक्या, दिंड्या. आख्यान मात्र अब्राहामाचे किंवा योसेफाचे. न वाचणाऱ्याच्याही कानी पोथी पोचली.

शाळेचे काम हाईम सॅम्युएल केहीमकर यांनी अंगावर घेतले. अलिबागचा हा गृहस्थ. १८५३ साली सोबत्यांना घेऊन त्यांनी शिक्षणासाठी मंडळी काढली. पैसा नव्हता, ती बरीच वर्षे चाचपडली. शेवटी १८७५ साली मुंबईत इस्राएली शाळा उभी राहिली. मराठी, इंग्रजी आणि हिब्रू तिन्ही शिकवीत. ती वाढली, तिचे हायस्कूल झाले, आणि पुढे देणगीदाराच्या नावाने ती सर एली कडूरी शाळा झाली. माझगावात ती आहे. केहीमकरांनी आपल्या लोकांचा इतिहासही लिहिला, १८९७ साली. छापून निघाला तो त्यांच्या मागे, १९३७ साली. दारफाळणी, बिरडे, मडके, ही सारी माहिती आज आपल्याला आहे ती बरीचशी त्यांनी लिहून ठेवली म्हणून.

मुलीही मागे राहिल्या नाहीत. रेबेका रूबेन या बाई १९२२ ते १९५० पर्यंत याच शाळेच्या मुख्याध्यापिका होत्या. डॉ. जेरुशा झिराड विलायतेत जाऊन डॉक्टरीची मोठी पदवी घेऊन आल्या, मुंबईच्या कामा हॉस्पिटलच्या प्रमुख झाल्या. १९६६ साली त्यांना पद्मश्री मिळाली. झिराड हे आडनाव ध्यानात आले ना? रहाबीने निवडलेल्या पहिल्या तिघांतले एक घराणे झिराडचेच. काझी गावोगाव फिरत होते त्याला दोनशे वर्षेही झाली नव्हती.

१९४८ साली इस्राएल देश स्थापन झाला. बेने इस्राएलांतले बहुतेक लोक हळूहळू तिकडे गेले. इथे त्यांना कुणी छळले म्हणून नव्हे, हे ते स्वतःच सांगतात. पण तिकडे एक कडू प्रसंग वाट पाहत होता. तिथल्या काही धर्मगुरूंनी विचारले, तुम्ही अस्सल यहुदी कशावरून? शेकडो वर्षे तुमच्याकडे पोथी नव्हती, धर्मगुरू नव्हते. तुमची लग्ने, काडीमोड शास्त्राप्रमाणे झाली याचा पुरावा काय? १९६२ साली तर असा हुकूम निघाला की यांच्यापैकी कुणाचे इतर यहुद्याशी लग्न लावायचे तर आधी पिढ्यांची चौकशी करा. कागद कुठून आणणार? घाण्यावरच्या तेल्याने वंशावळ लिहून ठेवली नव्हती. ज्यांनी समुद्रातून निघून शनिवार सोडला नाही, त्यांना दारात उभे करून लेखी पुरावा मागितला.

बेने इस्राएल गप्प बसले नाहीत. यरुशलेममध्ये त्यांनी बायकापोरांसह धरणे धरले. शेवटी १९६४ साली तिथल्या सरकारने आणि लोकसभेने जाहीर केले की हे लोक सर्व बाबतींत पुरे यहुदी आहेत, आणि त्यांचे नाव घेऊन काढलेला तो हुकूम बदलावा लागला.

आज भारतात सगळे मिळून यहुदी पाच हजारांच्या आत उरले आहेत. अलिबागच्या इस्राएल आळीत प्रार्थनामंदिर आहे, रेवदंड्याला आहे, पनवेलला आहे. पण प्रार्थनेला दहा प्रौढ पुरुष लागतात, आणि खेड्यातल्या काही ठिकाणी तेवढेही जमत नाहीत. माझगावच्या शाळेत आता बहुतेक मुले इतर धर्मांची, विशेषतः मुसलमानांची आहेत. केहीमकरांनी आपल्या पोरांसाठी मांडलेला फळा, आता शेजाऱ्यांची पोरे त्याच्यावर गिरवतात.

तिकडे इस्राएलात दिमोना, लोद, अशदोद, बेरशेबा या गावी दिवेकर, पेणकर, राजपूरकर राहतात. त्यांची नातवंडे घरात हिब्रू बोलतात. शाळेत तोरा वाचतात, अडत नाही. आजी मात्र अजून मलिदा करते. पोहे, गूळ, खोबरे, फळे मांडून एलियाहू नबीचे नाव घेते. ती मराठीत बोलते आणि नातवंडांना निम्मे कळते. तिथले लोक महाराष्ट्र दिन साजरा करतात. आणि मराठी वाचणारी माणसे कमी होत चालली म्हणून त्यांनी तिकडे एक मराठी नियतकालिक काढले. त्याचे नाव ठेवले ‘मायबोली’.